ज्येष्ठतेचे तंटे व सरकारची जबाबदारी

प्रत्येक सरकारी खात्यांत वर्षांतून एकदां १ जानेवारीची स्थिति दाखविणारी एक यादी निघावयाची असते. बाहेरच्या माणसास तींत वाचण्यासारखें कांहीं नसतें. अनुक्रमांक, नांव, जन्मतारीख, शिक्षण, नेमणुकीची तारीख, कायम झाल्याची तारीख आणि शेवटीं शेरा, एवढेच रकाने. परंतु ज्यांचीं नांवें तींत असतात ते ती यादी ज्या बारकाईनें वाचतात, तितक्या बारकाईनें त्यांनीं कोणतेंही शास्त्र वाचलेलें नसतें. आपल्यावर कोण, आपल्याखालीं कोण, वरचा कधीं निवृत्त होणार, हा हिशेब प्रत्येकास तोंडपाठ असतो. एखाद्या वर्षीं आपला सत्तेचाळिसावा क्रमांक घसरून एकशेंबारावा झाला असें त्यास आढळलें, कीं तो प्रथम अर्ज करतो, मग स्मरणपत्र पाठवितो, आणि अखेर वकिलाचें घर गांठतो.

हीं भांडणें म्हणजे कारकुनांची आपसांतील हमरीतुमरी, तिच्याशीं रयतेला काय कर्तव्य, असें मानणारे पुष्कळ आहेत. आमचें मत तसें नाहीं. यादीला मनाई-हुकूम मिळाला कीं तीवरील बढत्या थांबतात. बढत्या थांबल्या कीं खुर्च्या रिकाम्या राहतात. आणि रिकाम्या खुर्चीचें काम शेजारच्या खुर्चीकडे 'अतिरिक्त कार्यभार' म्हणून जातें. फेरफाराच्या नोंदीसाठीं अथवा पाटाच्या दुरुस्तीसाठीं खेटे घालणाऱ्या शेतकऱ्यास 'साहेब आज दुसऱ्या तालुक्यास आहेत' हें जें उत्तर मिळतें, त्याच्या मुळाशीं केव्हां केव्हां कोठें तरी पडून राहिलेला ज्येष्ठतेचा दावाच असतो. शिवाय सरकारच्या बाजूनें उभा राहणारा वकील रयतेच्याच पैशानें उभा राहतो, हें निराळें सांगावयास नकोच.

सरकारी नोकर सरकारविरुद्ध दाद मागूं शकतो ही गोष्ट आतां आपल्या इतकी अंगवळणी पडली आहे कीं, ती फार जुनी नाहीं याचा आपणांस विसर पडतो. इंग्रजी राज्यांत १९१९ च्या कायद्यानें नोकर हा राजाची मर्जी असेपर्यंत नोकरींत राहतो असें ठरविलें होतें. मात्र नियमांस अधीन राहून, असेही शब्द त्याच कलमांत होते. १ जानेवारी १९२२ पासून 'मूलभूत नियम' अंमलांत आले, आणि कायम नेमणूक, हंगामी नेमणूक, पदावरील धारणाधिकार हे शब्द कचेऱ्यांत रुळले. परंतु मद्रास सरकारच्या छापखान्यांतील एका बडतर्फ नोकरानें, नियम सरकारनें पाळले नाहींत म्हणून फिर्याद केली, तेव्हां १९३६-३७ च्या सुमारास प्रिव्ही कौन्सिलनें असा निर्णय दिला कीं, नियम पाळले जावेत हें खरें, पण ते मोडले गेल्यास दाद वरिष्ठ अंमलदाराकडे मागावी, न्यायालयाकडे नव्हे. ज्याच्याविरुद्ध तक्रार त्याच्याच दारीं अर्ज घेऊन जाण्याची ही व्यवस्था होती. १९५० च्या राज्यघटनेनें ती मोडली. कायद्यापुढें समानता सांगणारें १४ वें कलम आणि सरकारी नोकरींत समान संधि देणारें १६ वें कलम हीं नोकराच्या हातीं आलीं. तेव्हांपासून जे दावे झाले त्यांस कोणी वादप्रियतेचें फळ म्हणो; हक्क हातीं आल्यावर तो वापरणाऱ्यास दोष देणें आम्हांस तरी प्रशस्त वाटत नाहीं.

या विषयावरील कायदा पुष्कळ अंशीं महाराष्ट्राच्या अभियंत्यांनीं घडविला असें म्हटल्यास अतिशयोक्ति होणार नाहीं. जुन्या मुंबई राज्याच्या अभियांत्रिकी सेवेंत उपअभियंत्याच्या जागेवर दोन वाटांनीं माणसें येत. कांहीं परीक्षा देऊन थेट, तर कांहीं हाताखालच्या सेवेंतून वर्षानुवर्षें काम करून बढतीनें. दोघांचें पद एक, पगार एक, काम एक. धरणाची भिंत किंवा पुलाची कमान, आपल्यावर देखरेख करणारा थेट आलेला आहे कीं चढत आलेला आहे, हें विचारीत नाहीं. परंतु १९६० सालच्या नियमांत एक पोटनियम असा होता कीं, ज्येष्ठता ही कायम होण्याच्या तारखेवर ठरावी. थेट आलेला उमेदवार परिविक्षेचा काळ संपतांच कायम होई. बढतीनें आलेला मात्र हंगामी म्हणून पांच, दहा, कधीं त्याहूनही अधिक वर्षें राबे, जागा रिकाम्या असल्या तरी त्यास कायम करण्याचा कागद निघत नसे. परिणाम असा कीं, ज्याच्या हाताखालीं नवा साहेब काम शिकला, तोच यादींत त्या नव्या साहेबाच्या खालीं जाऊन बसला.

हा पोटनियम सर्वोच्च न्यायालयानें १९७७ सालीं रद्द केला. निकालपत्र लिहिणारे न्या. यशवंतराव चंद्रचूड हे पुण्याचे. कायम होणें ही सरकारी नोकरींतील एक लाजिरवाणी अनिश्चित गोष्ट आहे. ती नोकराच्या कर्तबगारीवरही अवलंबून नसते व जागा रिकामी असण्यावरही नसते, अशा आशयाचें त्यांनीं जें लिहिलें, तें आजही नोकरांच्या वकिलांस मुखोद्गत आहे. एकाच पदावरील दोन माणसांस त्यांच्या हातांत नसलेल्या एका सहीवरून वरखालीं करावयाचें, हें समानतेच्या तत्त्वांत बसत नाहीं, एवढाच त्या निकालाचा अर्थ. साध्या माणसास हें सांगावयास सर्वोच्च न्यायालय लागूं नये. पण लागलें खरें.

तंटा तेथें संपला नाहीं. आतां थेट भरती झालेल्यांची पाळी आली. त्यांच्या संघटनेनें पुन्हां न्यायालय गांठलें, आणि १९९० सालीं पांच न्यायाधीशांच्या घटनापीठानें अकरा सूत्रांच्या रूपानें या शास्त्राची जणूं स्मृतीच लिहून दिली. त्यांतील पहिलें सूत्र असें कीं, नियमाप्रमाणें नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून मोजावी, कायम झाल्याच्या तारखेपासून नव्हे. पण मुळांतील नेमणूकच नियमाबाहेरची व तात्पुरती सोय म्हणून केलेली असेल, तर तो काळ मोजूं नये. दुसरें सूत्र म्हणतें कीं, सुरुवातीस रीतसर पद्धति पाळली गेली नसली, तरी माणूस अखंड कामावर राहिला व पुढें नियमित झाला, तर मधला काळ मोजावा. वाचकांच्या लक्षांत येईल कीं, या दोन सूत्रांमध्यें वकिलास शिरतां येईल एवढी फट होती. ती बुजविण्यासाठीं १९९३ सालीं पश्चिम बंगालच्या एका प्रकरणांत आणखी एक निकाल द्यावा लागला.

यांतील कालाचा हिशेब मात्र कोणी मांडीत नाहीं. १९६० च्या नियमावरून उठलेला वाद १९९० मध्यें मिटला. पंचविसाव्या वर्षीं नोकरीस लागलेला उपअभियंता त्या वेळीं पंचावन्न वर्षांचा झाला असेल, आणि आमच्या राज्यांत बहुतेक नोकर अठ्ठावन्नाव्या वर्षीं निवृत्त होतात. न्याय मिळाला खरा. तो भोगावयास तीन वर्षें उरलीं. पुष्कळांस तींही उरलीं नसतील. अशांसाठीं सरकारनें 'मानीव दिनांक' नांवाचा एक प्रकार ठेवला आहे. ज्या दिवशीं बढती मिळावयास हवी होती, त्या दिवशीं ती मिळाली असें कागदावर मानावयाचें, आणि त्याप्रमाणें पगाराची व पेन्शनची आकडेमोड करावयाची. बैल गेला आणि झोपा केला, ही म्हण मराठींत पूर्वींपासूनच आहे. खात्यानें तिला फक्त जावक क्रमांक दिला.

आतां मूळ प्रश्न असा कीं, हा घोळ होतो कां? आमच्या मतें याचें मुख्य कारण नोकरांचा लोभ हें नसून सरकारची दिरंगाई हें आहे. नियमांत लिहिलेलें असतें कीं, अमुक हिस्सा थेट भरतीनें व अमुक हिस्सा बढतीनें भरावा. प्रत्यक्षांत थेट भरतीची परीक्षा वर्षानुवर्षें होत नाहीं. काम तर अडून राहात नाहीं. म्हणून थेट भरतीच्या वांट्याच्या जागांवर बढतीनें 'तात्पुरतीं' माणसें बसविलीं जातात. पांच-सात वर्षांनीं परीक्षा होते, नवे उमेदवार येतात व म्हणतात, या जागा आमच्या होत्या, आम्हांस आमच्या जागीं बसवा. ज्या काळांत ते कदाचित् महाविद्यालयाच्या बांकावर होते, त्या काळांतील ज्येष्ठता ते मागतात. त्यांचेंही अगदींच चुकतें असें नाहीं. परीक्षा वेळेवर झाली असती तर ते वेळेवर आले असते. १९९० च्या घटनापीठास म्हणूनच असें सांगावें लागलें कीं, हिस्सेवारीचा नियम सतत व अनेक वर्षें पाळतांच आला नसेल, तर तो मोडून पडला असेंच धरावें लागेल.

या एका मुद्यावर सर्वोच्च न्यायालयानेंही आपली दिशा बदलली आहे. १९९१ सालीं बिहारच्या एका प्रकरणांत असें ठरलें होतें कीं, ज्या दिवशीं एखाद्याचा संवर्गांत जन्मच झाला नव्हता, त्या दिवसापासून त्यास ज्येष्ठता देतां येत नाहीं. पुढें २०१२ सालीं आयकर निरीक्षकांच्या खटल्यांत निकाल लागला कीं, भरतीची प्रक्रिया ज्या वर्षीं सुरू झाली त्या वर्षाची ज्येष्ठता थेट उमेदवारांस मिळावी, कारण मधल्या दिरंगाईचा दोष त्यांच्याकडे नाहीं. त्यावर देशभर याद्या नव्यानें लिहिल्या गेल्या. सातच वर्षांनीं, नोव्हेंबर २०१९ मध्यें, मणिपूरच्या पोलीस सेवेच्या प्रकरणांत तो निकालच चुकीचा ठरवून न्यायालयानें नेमणुकीच्या तारखेचें जुनें तत्त्व पुन्हां स्थापिलें. मात्र मधल्या काळांत ज्या ज्येष्ठता ठरून गेल्या त्यांस धक्का लावला नाहीं. नेमणुकीची तारीख हेंच माप असावें असें आमचेंही मत आहे, कारण तेवढीच एक तारीख दोन्ही पक्षांस उघड दिसते. पण सात वर्षांत दोन मापें पाहिलेल्या नोकरांनीं यादीवर विश्वास कसा ठेवावा, हा प्रश्न राहतोच.

ज्येष्ठतेच्या तंट्यांची एक जुनी शाखा आमच्या प्रांतरचनेंतून फुटली आहे. १ नोव्हेंबर १९५६ रोजीं हैदराबाद संस्थानांतून निघालेल्या राज्याचा मराठवाडा व मध्यप्रदेशांतील विदर्भ मुंबई राज्यास जोडले गेले, तेव्हां जमिनीबरोबर कचेऱ्याही आल्या व कचेऱ्यांबरोबर तीन निरनिराळ्या याद्या आल्या. मुंबईकडचा मामलेदार आणि निजामशाहींतून आलेला तहसीलदार यांपैकीं वरचा कोण, हा प्रश्न भूगोलाचा नव्हता, पण भूगोलानें निर्माण केला होता. मराठवाड्याच्या तहसीलदारांनीं उपजिल्हाधिकाऱ्याच्या बढतीविषयीं केलेली तक्रार घटनापीठापुढें जाऊन तिचा निकाल १९७३ सालीं लागला. सरकारनें विलंबाची सबब पुढें केली. न्यायालयानें ती ऐकिली नाहीं, कारण नियम अद्याप पक्के व्हावयाचे आहेत असें सरकारच सांगत आलें होतें. सर्व राज्याच्या पदासाठीं विभागवार याद्या करून बढत्या देणें समानतेस धरून नाहीं, असें ठरलें. पण त्याच निकालांत एक तत्त्व असेंही पक्कें झालें कीं, बढतीची 'आशा' ही नोकरीची शर्त नव्हे. विचार होण्याचा हक्क आहे, बढती मिळण्याचा नाहीं. आमच्या पुष्कळ नोकरबांधवांस हा भेद अजून उमगलेला नाहीं, आणि तो समजावून न देतां दावा लावणारे वकीलही विरळ नाहींत.

पात्रतेचे तंटे याहून चमत्कारिक असतात. ज्येष्ठतेंत निदान तारखांचा वाद असतो. येथें माणूस पुरेसा शिकलेला आहे कीं नाहीं, इतकेंच नव्हे तर तो फाजील शिकलेला आहे काय, याचाही न्याय करावा लागतो. जम्मू-काश्मीरच्या वीज खात्यांत तंत्रज्ञाच्या जागेसाठीं मॅट्रिक व आयटीआय प्रमाणपत्र मागितलें होतें. विद्युत् अभियांत्रिकीची पदविका घेतलेले म्हणूं लागले कीं, आम्ही तर वरच्या इयत्तेचे. वरच्यांत खालचें येतेंच. केरळच्या एका प्रकरणांत २०१० सालीं न्यायालयानें तसें मानलें होतें, पण तेथील नियमांतच तशी तरतूद होती. २०१८ च्या काश्मीरच्या निकालांत न्या. धनंजय चंद्रचूड यांनीं, म्हणजे वर उल्लेखिलेल्या न्यायमूर्तींच्या चिरंजीवांनीं, ही गोष्ट स्पष्ट केली कीं, कोणत्या पदास कोणतें शिक्षण हवें हें ठरविणें मालकाचें काम आहे आणि नियमांत नसतां वरच्या शिक्षणांत खालचें सामावलें आहे असें न्यायालयानें गृहीत धरूं नये. २०२० सालीं तर एका सरकारी बँकेंत शिपायाच्या जागेचें प्रकरण आलें. जाहिरातींत उमेदवार बारावी असावा, पदवीधर नसावा अशी अट होती. एका पदवीधरानें आपली पदवी लपवून अर्ज केला; तें उघड झालें व त्याची नोकरी गेली. न्यायालयानें बँकेची बाजू उचलून धरली.

कायद्याच्या दृष्टीनें हा निकाल बिनचूक आहे. लपवाछपवीस आधार देतां येत नाहीं, आणि शिपायाची जागा कमी शिकलेल्यांसाठीं राखण्यांत न्यायही आहे. तथापि पदवी दाखविण्यासाठीं नव्हे तर दडविण्यासाठीं माणसें धडपडूं लागलीं, ही वार्ता विश्वविद्यालयांच्या चालकांनीं न्यायवार्तेच्या पानावरून उचलून आपल्या सभांत वाचावयास हवी.

शिक्षकांच्या बाबतींत ज्येष्ठता व पात्रता या दोन्ही गांठी एकाच दोरीस बसल्या आहेत. खासगी शाळांतील नोकरांच्या सेवाशर्तींचे १९८१ चे जे नियम आहेत, त्यांच्या 'फ' अनुसूचींत माध्यमिक शिक्षकांचे वर्ग पाडले आहेत व प्रशिक्षित शिक्षक कोणत्या वर्गांत केव्हां शिरतो यावर त्याची ज्येष्ठता ठरते. त्यामुळें शाळेंत आधीं आलेला पण बी.एड्. मागाहून झालेला, आणि मागाहून आलेला पण येतांनाच बी.एड्. असलेला, असे दोन गुरुजी मुख्याध्यापकाच्या खुर्चीच्या दोन बाजूंस उभे राहतात. संस्थेच्या चालकांत दोन तट असले कीं एक तट एकाचा व दुसरा दुसऱ्याचा होतो. मग शाळा न्यायाधिकरण, मग उच्च न्यायालय. मधल्या काळांत मुलांच्या दाखल्यावर सही कोणी करावी याचाही वाद होतो. ज्या वर्गांत नागरिकशास्त्र शिकवावयाचें, त्याच्या शेजारच्या खोलींत तें असें आचरिलें जातें.

बढतींतील आरक्षणानें या प्रश्नास आणखी एक अंग दिलें आहे, व त्याविषयीं लिहितांना पुष्कळ लेखकांचा तोल जातो. आरक्षणानें आधीं बढती मिळालेल्यास वरच्या पदावर ज्येष्ठता राहावी, कीं मागाहून चढलेल्या जुन्या सहकाऱ्यानें त्यास पुन्हां गांठावें, हा तो वाद. १९९५, १९९६ व १९९९ च्या निकालांचा कल गांठूं देण्याकडे होता. संसदेनें २००१ सालीं ८५ वी घटनादुरुस्ती करून, ती १९९५ पासून लागूं केली व आनुषंगिक ज्येष्ठतेस आधार दिला. २००६ सालीं न्यायालयानें दुरुस्ती मान्य केली, पण प्रतिनिधित्व अपुरें असल्याचे आंकडे सरकारनें गोळा करावेत अशी अट घातली. महाराष्ट्राचा २५ मे २००४ चा शासननिर्णय ४ ऑगस्ट २०१७ रोजीं मुंबई उच्च न्यायालयानें रद्द केला, तो याच पायावर. पिढ्यान्पिढ्या ज्यांस कचेरीच्या ओट्यावर बसूं दिलें नाहीं, त्यांची मुलें वरच्या खुर्चीवर बसावींत हें आम्हांस मनापासून इष्ट वाटतें. म्हणूनच ज्या सरकारास तें इष्ट वाटत असल्याचा उद्घोष आहे, त्यानें आपल्याच दप्तरांतील आंकडे मोजून न्यायालयापुढें ठेवूं नयेत याचा आम्हांस अधिक विषाद वाटतो. या कसुरीची झळ दोन्ही बाजूंच्या नोकरांस लागली.

जे दुसऱ्यांचे तंटे तोडतात तेही यांतून सुटलेले नाहींत. दिल्लीच्या उच्च न्यायिक सेवेंतील न्यायाधीशांचा थेट भरती विरुद्ध बढती हाच वाद १९८४ सालीं सर्वोच्च न्यायालयास तोडावा लागला. निराळीं न्यायाधिकरणें काढल्यानें हें ओझें हलकें होईल अशी १९८५ सालीं अपेक्षा होती. त्या वर्षीं केंद्राचें व १९९१ सालीं महाराष्ट्राचें प्रशासकीय न्यायाधिकरण सुरू झालें. १९९७ सालीं सर्वोच्च न्यायालयानें ठरविलें कीं, न्यायाधिकरणाचा निर्णय उच्च न्यायालयांत तपासतां येईल. तत्त्वतः तें योग्यच झालें. व्यवहारांत मात्र जिना होता त्याहून एका पायरीनें वाढला.

महाराष्ट्रानें १९८२ सालीं ज्येष्ठतेचे नियम केले व त्यांत याद्या वेळच्यावेळीं प्रसिद्ध करण्याची जबाबदारी खात्यांवर टाकली. ही जबाबदारी ज्या खात्यानें पार पाडली नाहीं, त्याच्या प्रमुखाच्या गोपनीय अहवालांत तशी नोंद व्हावी, अशी आमची सूचना आहे. यादी कच्ची असेल तर किती दिवस कच्ची, याला मर्यादा असावी. दहा वर्षें 'तात्पुरती' राहिलेली यादी ही यादीच नव्हे. हरकत घेणाऱ्यास एका महिन्यांत कारणांसह लेखी उत्तर मिळालें, तर त्यापैकीं निम्मे लोक वकिलाकडे जाणार नाहींत असा आमचा अंदाज आहे, कारण पुष्कळांचा राग क्रमांक घसरल्यापेक्षां कोणी उत्तर देत नाहीं यावर असतो. कोणती पदविका कोणत्या प्रमाणपत्राशीं समकक्ष, हें जाहिरात निघण्यापूर्वीं ठरवून जाहिरातींतच छापावें. अर्ज आल्यावर, परीक्षा झाल्यावर, निवड लागल्यावर ठरवूं नये. आणि थेट भरतीच्या परीक्षा ठरल्या वर्षीं घ्याव्यात. यांपैकीं एकाही गोष्टीस नवा कायदा लागत नाहीं, घटनादुरुस्ती लागत नाहीं, खर्चही फारसा नाहीं. येत्या १ जानेवारीची यादी ३१ मार्चपूर्वीं अंतिम करून कोणतें खातें फलकावर लावतें, तेवढें आम्ही पाहणार आहों.